दाजींच्या जाकिटाची भोकं

सख्ख्या बहिणीच्या नवऱ्याला आणायला विमानतळावर जाताना कुणी खिशात जादा टोपी घेऊन जातं का? मी गेलो होतो. कारण फोटोत मी दाजींचे केस बघितले होते. कानांच्या वर दोन्ही बाजू साफ तासलेल्या आणि मधोमध, कपाळापासून मानेपर्यंत, जांभळ्या केसांचा उभा पट्टा. वय वर्षं एकसष्ट. सांबऱ्याच्या विमानतळाहून वडगावात यायचं म्हणजे अख्ख्या बाजारातनं, ओळखीच्या शंभर माणसांच्या डोळ्यांदेखत यायचं. आक्का ट्रॉली ढकलत बाहेर आली, तिच्या मागनं हे सहा फुटी प्रकरण. मी नमस्कार करायच्या आधी टोपी काढली आणि त्यांच्या डोक्यावर दाबली.

टोपी काही बसेना. केसांवर तशीच तरंगत राहिली. दाजींना मात्र वाटलं, इकडं जावयाचं स्वागत असंच करत असतील. त्यांचे डोळे भरून आले. दिवसभर ती टोपी त्यांनी उतरवली नाही, जेवतानासुद्धा नाही. आक्का माझ्याकडं रोखून बघत होती. तिला सगळं कळलं होतं. माझी मला लाज वाटली, पण ती दुसऱ्या दिवशी. त्या दिवशी नुसतं हुश्श झालं.

दाजी म्हणजे जर्मनीतले पंक रॉकवाले. पंक म्हणजे काय, हे मला अजून धड सांगता येत नाही. आक्काला विचारलं तर ती म्हणाली, "गाणं येत नसताना, राग आलेला असताना, लई मोठ्यानं म्हणायचं."

"मग आपल्या गल्लीत घरोघरी पंक हाय की गं," मी म्हटलं.

सतराव्या वर्षी दाजींनी तिघा मित्रांना घेऊन बँड काढला. गिटार आणली तेव्हा तिला तीनच तारा होत्या, उरलेल्या तीन आणायला पैसे नव्हते, म्हणून पहिली गाणी तीन तारांवरच बसवली. बँडचं नाव इथं लिहिता येत नाही, आमच्या घरात बायामाणसं वाचतात. तळघरात, ओसाड पडलेल्या इमारतींत, एकदा तर बंद पडलेल्या कत्तलखान्यात त्यांनी गाणी म्हटली. एका जुनाट गाडीत चौघे झोपायचे. चार रेकॉर्डी निघाल्या. एक गाणं घरमालकावर होतं. ते ऐकून घरमालकानं त्यांना बाहेर काढलं, मग बाहेर काढल्यावर दुसरं गाणं केलं. तिकडं अजून म्हणे काही लोक हातावर त्यांच्या बँडचं चिन्ह गोंदवून फिरतात. पुढं एकजण सरकारी कचेरीत चिकटला, ढोल वाजवणारा मित्र आजारपणात गेला आणि बँड संपला. दाजी एका इस्पितळात पेशंटांच्या खाटा ढकलायच्या कामाला लागले. तिथं आमची आक्का नर्स होती.

आक्कानं लग्न केलं तेव्हा कळवलं ते पत्रानं. पत्रात फोटो होता. आप्पांनी, म्हणजे आमच्या वडिलांनी, फोटो बघितला, पालथा घातला आणि म्हणाले, "हिचं पत्र पुन्हा माझ्या देखत वाचायचं न्हाय." झालं. तीस वर्षं तसंच. आई होती तोवर ती माजघरात बसून माझ्याकडनं हळू आवाजात पत्रं वाचून घ्यायची. मग आई गेली. नोकरी संपल्यावर आक्का म्हणाली, "आप्पांचे शेवटचे दिवस माझ्या हातनं जाऊ देत." आप्पांनी अडवलं नाही, आणि दोघं बिऱ्हाड उचलून आमच्या घरी आली.

आमचं घर म्हणजे खाली पुढं साड्यांचं दुकान आणि चार यंत्रमाग, मागं राहायच्या खोल्या आणि वर दोन खोल्या. वरच्या खोल्या दाजींना दिल्या. मला वाटलं, जन्मभर आवाजाशी संसार केलेला माणूस, मागांचा खडखडाट ऐकून खूश होईल. कसलं काय! दुसऱ्याच दिवशी कापूस मागायला खाली आले.

"मेव्हणे, हे लई शिस्तीत वाजतंय," ते म्हणाले. "एकबी चूक न्हाय. मला सोसत न्हाय."

मराठी असं. आक्काकडनं शिकलेलं, वडगावचं, आणि तेही ती सोडून गेली त्या काळातलं. आमची पोरं आता 'ओके' म्हणतात, दाजी 'व्हय जी' म्हणायचे. बोलायचे मात्र स्टेजवरून बोलल्यासारखे. गवारीचा भाव विचारला तरी शेजारच्या दुकानातलं गिऱ्हाईक दचकायचं.

त्यांच्या खोडी सांगायच्या तर दिवस पुरायचा नाही. पहिली खोड भांड्यांची. जेवण झालं की ताट उचलून थेट मोरीत. माझी बायको धावत गेली, "अहो दाजी, जावयानं भांडी घासायची असतात व्हय!" त्यांनी तिच्या हातातली घासणी काढून घेतली. पंधरा दिवसांत गल्लीतल्या बायका आपापल्या नवऱ्यांना "त्या दाजींना बघा जरा" म्हणायला लागल्या. गल्लीतले पुरुष माझ्याशी महिनाभर नीट बोलत नव्हते. मी काय करणार? मी स्वतः एक दिवस कढई घासली, तेव्हा कुठं घरात शांतता झाली.

दुसरी खोड मानापमानाची. मानाचं काही दिसलं की दाजींना अंगावर काटा यायचा. गणपती मंडळानं त्यांना प्रमुख पाहुणे म्हणून बोलावलं. परदेशी पाहुणा, वर्गणीला बरा! अध्यक्षांनी शाल पांघरली, नारळ दिला, आणि माईककडं वळून भाषणाला सुरुवात केली. दाजी उठले, शाल मंडप बांधणाऱ्या माणसाच्या खांद्यावर घातली, नारळ स्टेजच्या कडेला आपटून फोडला आणि खोबरं वाटत खाली उतरले. भाषण ऐकायला कुणी राहिलंच नाही, सगळे खोबऱ्यामागं. अध्यक्ष मला म्हणाले, "तुमच्या दाजीला जरा रीतभात शिकवा." मंडपवाला मात्र अजून दाजी दिसले की चहा पाजल्याशिवाय सोडत नाही.

आणि त्यांचं एक ठरलेलं बोलणं होतं. माझ्या बायकोला शिवणकाम शिकायचं होतं, भीती वाटत होती. दाजी म्हणाले, "येत न्हाय? मग आजच करा. येईपर्यंत थांबलं की म्हातारपण येतंय." हे त्यांनी सगळ्यांना सांगितलं. समोरच्या पेन्शनर मास्तरांना सांगितलं, ते बासरी घेऊन आले. त्या बासरीनं आम्हाला जो ताप दिला तो दिला, पण मास्तर गाल फुगवून हसायला लागले हे खरं.

आता आप्पांचं ऐका. आप्पा हातमागावर शिकलेले. त्यांच्या वडिलांनी त्यांना तीन वर्षं नुसत्या सुताच्या कांड्या भरायला लावल्या, मागाला बोट लावू दिलं नाही. त्यांचं म्हणणं एकच, "शिकल्याबिगर हात लावायचा न्हाय." शहाऐंशी वर्षांत हे बदललं नाही. साडीचा पदर नुसता चिमटीत धरून ते सांगायचे, विणणाऱ्याचं त्या दिवशी घरात भांडण झालं होतं का नाही. असा हा सासरा आणि तसा तो जावई.

आप्पा आक्काशी बोलायला लागले, महिनाभरातच. तिनं डोळ्यांत औषध घातलं, पाय चेपले, आणि एक दिवस आप्पाच म्हणाले, "दमलीस गं, बस जरा." आक्का मोरीत जाऊन रडून आली. पण दाजींशी शब्द नाही. घरात वावरताना त्यांचं नाव घ्यायची वेळ आली की आप्पा म्हणायचे 'वरचा'. "वरच्याला च्या दिला का?" "वरच्याला सांग, नळ बंद कर म्हणावं." भाडेकरूला म्हणावं तसं. जावई हा शब्द दोन वर्षांत एकदाही नाही.

दाजी म्हणायचे, "मला काय फरक पडत न्हाय मेव्हणे, लोकांनी मला अंडी मारलीत." पण मी बघत होतो. जेवायला आप्पा बसले असले की हा माणूस आपलं ताट घेऊन जिन्यावर जाऊन बसायचा, म्हाताऱ्याला संकोच नको म्हणून. ते बघून आक्काच्या घशाखाली घास उतरायचा नाही.

एक दिवस ती मला म्हणाली, "आता अधिक महिना येतोय. जावयाला बोलवून धोंडे जेवायला घालायचा महिना. आप्पांनी ह्यांना एकदा जावई म्हणून पाटावर बसवलं तर आम्ही हितंच मरू. न्हाय तर महिना संपला की मी तिकिटं काढते. माझ्या नवऱ्याला मी जिन्यावर म्हातारं हू देणार न्हाय."

मी आप्पांना आडून आडून सुचवलं, "धोंडे करायचे न्हवं औंदा?" आप्पा म्हणाले, "कुणासाठी?" आणि कुशीवर वळले.

त्याच सुमाराला आमच्या दुकानात आईबरोबर साडी घ्यायला आलेला एक इंजिनिअरिंगचा पोरगा दाजींना बघून किंचाळला. खरंच किंचाळला, हातातली साडी टाकून. त्याच्या फोनमध्ये दाजींच्या चारी रेकॉर्डी होत्या. झालं, दुसऱ्या दिवशी कॉलेजची दहा-बारा पोरंपोरी वरच्या खोलीत. गॅदरिंगला दाजींनी गायचं ठरलं, वाजवायला पोरांचाच बँड. तारीख अधिक महिन्याच्या शेवटच्या आठवड्यातली. दाजी आरशात बघून केसांना नव्यानं जांभळा रंग लावायला लागले. तीस-पस्तीस वर्षांनी स्टेज मिळणार होतं.

आणि पेटीतनं जाकीट निघालं.

काळ्या जाड जीनचं, बिनबाह्यांचं. त्याला जाकीट म्हणायचं ते केवळ बटणं होती म्हणून. पाठीवर वीतभर फाट, खांद्यावर चिंध्या, खाली कडेला उंदरानं कुरतडल्यासारखं, आणि जिथं तिथं सेफ्टी पिना. दाजींनी मला जिन्यावर बसवून एकेक भोक दाखवलं. पाठीवरची फाट पोलिसांना चुकवून काटेरी कुंपणावरून उडी मारताना पडलेली. खांद्यावरच्या चिंध्या लोकांनी स्टेजवरून खाली ओढलं तेव्हाच्या. "तीन हजार माणसं हुती. मला डोक्यावर घेऊन फिरवलं, आणि सोडताना अर्धा खांदा ठेवून घेतला." छातीवर डाव्या बाजूला वाटाण्याएवढं जळकं भोक होतं. त्यावर त्यांनी बोट ठेवलं. त्यांचा ढोलवाला मित्र गाडीत त्यांच्या अंगावर झोपून गेलेला, बोटांत पेटती सिगारेट. "उठवलं न्हाय त्याला. दमलेला हुता." त्यांच्या जन्माची कहाणी त्या कापडावर होती आणि सगळी फाटून झालेली होती.

आक्कानं जाकीट उन्हाला टाकलं, दोरीवर, आप्पांच्या खाटेच्या बरोबर समोर. आप्पा दिवसभर त्याच्याकडं बघत होते. मला बोलावून विचारलं, "हे कुणाचं?"

"दाजींचं. कार्यक्रमाला घालणार हायत."

"चारचौघांत?"

"चारचौघांत कुठलं आप्पा, हजारभर लोक असतील."

आप्पा पुन्हा जाकिटाकडं वळले. दुसऱ्या दिवशी सकाळी दोरीवर जाकीट नव्हतं.

काय शोधाशोध ती! गच्ची, मोरी, शेजारच्यांचं परडं. मी कामगारांना दरडावलं, भंगारवाल्याला गाठलं, कचऱ्याच्या गाडीमागं स्कूटर पळवली. दाजी जिन्याच्या तिसऱ्या पायरीवर बसून राहिले. कधी नाही ते हळू आवाजात बोलले, "असू दे मेव्हणे. जुनं हुतं." ते 'असू दे' ऐकून मी स्कूटर पुन्हा बाहेर काढली. आणि घरात आप्पांनी निराळंच मांडलेलं. खोलीचं दार आतनं बंद, ताट दारातनं घ्यायचं, "मला कुणी हाक मारू नका." आक्का म्हणाली, "धोंड्याचं बोललास म्हणून रुसलेत. तूच रं घाण केलीस सगळी."

तिसऱ्या दिवशी दुपारी दार उघडलं. आप्पा भिंतीला धरून अंगणात आले. हातात जाकीट, घडी घातलेलं. दोरीवर वाळत घातलं आणि खाटेवर बसले.

एकसुद्धा भोक नव्हतं.

मी विणकराच्या पोटी जन्मलो, रफू मी बघितलंय. हे रफू नव्हतं. आप्पांनी जाकिटाच्याच आतल्या दुमडीतनं एकेक सूत ओढून काढलं होतं आणि त्याच सुतानं, त्याच तिरप्या विणीत, फाटलेली जागा नव्यानं विणली होती. पाठ सलग. खांदा सलग. आतनं बघितलं तर गाठ नाही. काढलेल्या सगळ्या सेफ्टी पिना कुंकवाच्या जुन्या करंड्यात घालून उशाशी ठेवल्या होत्या, हरवू नयेत म्हणून.

दाजी खाली आले. जाकीट हातात घेतलं, उलटं केलं, सुलटं केलं. चेहरा पांढरा फटक पडला.

आक्काचा आवाज चढला. "आप्पा, काय केलंसा हे! त्ये फाटकंच घालायचं असतंय! मुद्दाम फाटकं हुतं त्ये!"

"मुद्दाम?" आप्पांना कळेचना. "मुद्दाम कोण फाडतंय कापड?" मग त्यांनी पहिल्यांदा, दोन वर्षांत पहिल्यांदा, मान वर करून सरळ दाजींकडं बघितलं. "आपल्या घरातनं फाटकं घालून कोण भाईर पडलेलं न्हाय आजपातुर. असली वीण मी जन्मात कधी केली नव्हती. एक दिवस नुसता भिंग लावून बघत बसलो. येत नव्हती, पण केली. कुठं फाटलेलं, दाखव बघू आता."

दाजी आले आणि खाटेपुढं जमिनीवर बसले. त्यांनी जाकीट आप्पांच्या मांडीवर पसरलं आणि बोटानं दाखवायला लागले. "हितं. हितं कुंपण." आप्पा मान हलवायचे. "हितं तीन हजार माणसं." आप्पा म्हणाले, "ती चिंधी लई वंगाळ हुती, अर्धा दिवस खाल्ला तिनं." मग बोट छातीवर आलं, डाव्या बाजूला. "हितं माझा मित्र. झोपला हुता. आता न्हाय त्यो."

आप्पांनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा घातला. त्या जागेवर अंगठा फिरवला. मग मला म्हणाले, "माझी कातर आण."

"कशाला आप्पा?"

"आण म्हणतो न्हवं. तेवढं उसवून देतो त्याला. माणसाची आठवण बुजवायचा मला काय अधिकार? मला काय म्हाईत रं."

मी कातर आणली. खरं सांगतो, ती त्यांच्या हातात देववेना. कारण जन्मात केलेलं सगळ्यात भारी काम म्हातारा स्वतःच्या हातानं उसवायला निघाला होता, आणि आप्पांनी आपलं विणलेलं कधी कुणासाठी उसवल्याचं मला माहीत नाही. आप्पांनी कातरीचं टोक सुताखाली घातलं. दाजींनी त्यांचं मनगट धरलं.

"नगं आप्पा," ते म्हणाले. "ऱ्हाऊ दे. त्यो बी हितंच हाय, खाली."

दोघं तसेच बसले होते, मनगट धरून. आक्का पदर तोंडावर धरून उभी. मला तर काय, रडू की हसू कळेना, म्हणून मी मागांकडं जाऊन उगीच एका कामगारावर ओरडलो.

पण जावई हा शब्द काही निघाला नाही. आप्पा उठून आत गेले. धोंड्यांचं नाव नाही. महिना संपायला चार दिवस राहिलेले. आक्का संध्याकाळी फोनवर तिकिटांचे दर बघत बसलेली मी बघितली.

गॅदरिंगच्या दिवशी आम्ही गाडीत बसतोय, तर आप्पा इस्त्रीचं धोतर नेसून दारात. "गाडीत जागा हाय न्हवं?" मी पुढची सीट मागं सरकवली.

कॉलेजच्या मैदानावर ही गर्दी. आप्पांना पहिल्या रांगेत खुर्ची दिली, शेजारी आक्का, मग मी. दाजी स्टेजवर आले. डोक्यावर जांभळा तुरा आणि अंगात एकही भोक नसलेलं, कडक, नव्यासारखं जाकीट. पोरं जरा गोंधळली. मग गिटार वाजली आणि दाजी ओरडले. काय तो आवाज! हा माणूस त्रेसष्ट वर्षांचा, असं कुणाला पटावं? पहिल्या गाण्यालाच पोरं खुर्च्या सोडून पुढं धावली. उड्या मारायला लागली, एकमेकांना धडका द्यायला लागली, आमच्यापुढं माणसांची भिंत उभी राहिली. दाजी वरून हात करून आणखी बोलवत होते. त्यांच्या तोंडावर जे काही होतं ते मी दोन वर्षांत बघितलं नव्हतं.

आणि आप्पा उठले. मला वाटलं, आवाज सोसवेना, घरी न्या म्हणतील. मी हात द्यायला पुढं झालो, तर त्यांनी माझा हात झटकला, खुर्चीवर चढले, शहाऐंशी वर्षांचा माणूस, आक्कानं घाबरून पाय धरले, आणि जन्मभर मागांच्या खडखडाटावरून कामगारांना हाका मारलेल्या त्या गळ्यानं ते ओरडले,

"खाली बसा रं सगळी! माझा जावई गातोय आणि मला दिसंना झालाय!"

गाणं थांबलं. पोरांनी मागं वळून बघितलं. धोतर नेसलेला म्हातारा खुर्चीवर उभा. आधी पुढचे चार बसले, मग त्यांच्या मागचे, मग अख्खं मैदान मांडी घालून खाली बसलं, शाळेच्या प्रार्थनेला बसतात तसं.

पंचेचाळीस वर्षांत दाजींपुढं कुणी असं बसलं नसेल. दुसरीकडं कुठं झालं असतं तर त्यांनी गिटार फेकून मारली असती. ते माईक धरून आप्पांकडं बघत राहिले. पोरांच्या बँडनं गाणं पुन्हा सुरू केलं, दाजींनी तोंड उघडलं, पण शब्द निघेना. पुन्हा सुरू केलं, पुन्हा निघेना. हसून हसून त्यांच्या डोळ्यांतनं पाणी गळत होतं, आणि इकडं आप्पा खुर्चीवरनंच विचारत होते, "का थांबलाय रं ह्यो? गा म्हणावं!"